सेव्हियाचा गोलरक्षक आणि एक मर्सिडीज

२०२४ च्या डिसेंबरात रुमानियाचा गोलरक्षक हेल्मुट डुकाडाम गेल्याची बातमी आली, त्यानंतरच्या एका संध्याकाळी कोल्हापुरात शाहू स्टेडियमबाहेर चहाच्या गाड्यावर त्याचा विषय निघाला. विषय मीच काढला होता. शेजारी उभे असलेले गृहस्थ एके काळी तालमीच्या संघातून गोलकीपर म्हणून खेळलेले, वयाने माझ्याहून बरेच मोठे. १९८६ च्या युरोपियन कपच्या अंतिम सामन्याचा गोलरक्षक, असे मी सांगू लागताच त्यांनी मला मध्येच थांबवले. "म्हणजे हात मोडलेला तोच न्हवं? त्या हुकूमशहाच्या पोरानं गाडीपायी हात मोडला की वो त्याचा." मी म्हटले, नाही काका, त्याच्या हाताच्या रक्तवाहिनीत गुठळी झाली होती, शस्त्रक्रिया करावी लागली, हे त्याने स्वतःच अनेकदा सांगितले आहे. त्यांनी बशीतला चहा संपवला, माझ्याकडे जरा दयेने पाहिले आणि म्हणाले, "ते तर सांगणारच की."

माझ्याकडे त्यावर उत्तर नव्हते. खरे तर त्या वाक्याला उत्तर नसतेच. एकदा कोणी असे म्हटले, की पुढे कितीही पुरावे मांडले तरी प्रत्येक पुरावा त्याच्याच पारड्यात जाऊन पडतो. मात्र स्पेनमधल्या सेव्हियातली एक रात्र, बुखारेस्टमधली एक कुजबुज आणि कोल्हापुरातला एक माजी गोलकीपर यांना जोडणारा हा धागा इतकी वर्षे न तुटता टिकला कसा, हा प्रश्न तेव्हापासून माझ्या डोक्यातून जाईना. त्या सामन्यातला खेळ आपल्याकडे फारसा कोणी पाहिलेला नाही, त्याचा निकाल फारसा कोणाला आठवत नाही, आणि मर्सिडीजची गोष्ट तेवढी पोहोचली आहे.

आपल्यापैकी पुष्कळांच्या लेखी १९८६ म्हणजे मेक्सिको, म्हणजे मॅराडोना. दूरदर्शनवर रात्री जागून पाहिलेला तो विश्वचषक मेच्या अखेरीस सुरू झाला. सेव्हियातला सामना त्याआधी तीनेक आठवडे, ७ मे रोजी झाला. एका बाजूला बार्सिलोना होती. तिच्याकडे पैसा होता, टेरी व्हेनेबल्ससारखा प्रशिक्षक होता, शुस्टर आणि आर्चिबाल्ड होते, मात्र युरोपियन कप, म्हणजे आजची चॅम्पियन्स लीग, तिने तोवर एकदाही जिंकलेला नव्हता. उपांत्यपूर्व फेरीत तिने गतविजेत्या युव्हेंटसला बाहेर काढले होते. उपांत्य फेरीत स्वीडनच्या योटेबोर्गकडून पहिल्या सामन्यात ३-० अशी हार पत्करल्यावर घरच्या मैदानावर तितकेच गोल फेडले होते, तिन्ही गोल पिची आलोन्सोचे, आणि मग टायब्रेकरवर, म्हणजे पेनल्ट्यांच्या फेरीत, सुटका करून घेतली होती. आदल्या वर्षीच्या अंतिम सामन्यात हायझेल मैदानावर प्रेक्षकांचे बळी गेले होते, त्या दुर्घटनेनंतर इंग्लिश क्लबांवर बंदी होती. अंतिम सामना स्पेनमध्येच होता आणि सांचेझ पिझुआन मैदानातले सुमारे ७० हजार प्रेक्षक जवळजवळ सगळे बार्सिलोनाचे होते. समोर स्तेआवा बुखारेस्ट, रुमानियाच्या सैन्याचा क्लब. त्यांच्यासोबत आलेले पाठीराखे मूठभर होते, कारण त्या देशातून बाहेर पडायलाच सरकारची परवानगी लागत असे. पोलादी पडद्याआडच्या, म्हणजे पूर्व युरोपातल्या कम्युनिस्ट देशांच्या, कोणत्याही क्लबाने तोवर हा चषक जिंकला नव्हता. स्पेनमध्ये त्या दिवशी चर्चा विजयाची नव्हती, विजयाच्या मिरवणुकीची होती, असे म्हटले तरी चालेल.

सामना पूर्ण पाहायचा म्हटले तर धीर लागतो. मी तो पाहिला आहे, आणि त्यात खिळवून ठेवणारे काही नाही हे मान्य करायला माझी हरकत नाही. पांढऱ्या वेशातले स्तेआवाचे खेळाडू चेंडू स्वतःकडे ठेवतात, आडवा देतात, मागे देतात, पुन्हा आडवा देतात. प्रशिक्षक येनेईच्या संघाला गोल करण्याची घाई नव्हती. त्याला सामन्याचा वेग मारायचा होता, आणि ७० हजार माणसांचा आवाज हळूहळू खाली आणायचा होता. पहिल्या अर्ध्या तासात प्रेक्षागारातून जो गजर ऐकू येतो तो उत्तरार्धात शिट्ट्यांमध्ये बदलत जातो. लिबेरो, म्हणजे बचावफळीच्या मागचा मोकळा बचावपटू, म्हणून खेळणारा बेलोदेदिच इतका निवांत वाटतो, की समोरचा आघाडीपटू त्याच्याकडे धावत येतो आहे की वाट विचारायला येतो आहे, असा प्रश्न पडावा. संघाचा नेहमीचा कर्णधार स्तोइका निलंबनामुळे बाहेर होता. शेवटी उत्तरार्धात येनेईने आपला सहायक प्रशिक्षक मैदानात उतरवला. हे गमतीने लिहिलेले नाही. आंगेल योर्दानेस्कू तीनच दिवसांपूर्वी ३६ वर्षांचा झाला होता, खेळणे सोडून प्रशिक्षणाकडे वळला होता, आणि युरोपियन कपच्या अंतिम सामन्यात तो बाकावरून उठून मधल्या फळीत गेला, तिथे चेंडू पायाखाली धरून उभा राहू लागला आणि आणखी वेळ खाऊ लागला. पलीकडे व्हेनेबल्सने ८५ व्या मिनिटाला शुस्टरला बाहेर बोलावले. शुस्टर बाकावर बसला नाही. तो सरळ ड्रेसिंग रूममध्ये गेला, कपडे बदलले, आणि सामना चालू असतानाच टॅक्सी करून मैदानातून निघून गेला. आपला संघ हरल्याचे तो तिथे असताना घडलेच नाही. जादा वेळेची ३० मिनिटेही तशीच गेली. या स्पर्धेचा अंतिम सामना गोलशून्य राहण्याची ती पहिलीच वेळ होती.

मग टायब्रेकर.

आजकाल समाजमाध्यमांवर फिरणारी चित्रफीत इथूनच सुरू होते, आणि तिच्यात चारच पेनल्ट्या असतात, चारही डुकाडामने अडवलेल्या. प्रत्यक्षात आठ मारल्या गेल्या. पहिली स्तेआवाच्या माझारूची, ती बार्सिलोनाच्या उरुतीने अडवली. मग बार्सिलोनाचा कर्णधार आलेक्सान्को आला, डुकाडामने आपल्या उजवीकडे सूर मारला आणि चेंडू अडवला. मग बोलोनी, तीही उरुतीने अडवली. मग पेद्राझा. डुकाडाम पुन्हा उजवीकडे, चेंडू पुन्हा उजवीकडे. चार पेनल्ट्या झाल्या होत्या आणि फलक अजून शून्य-शून्यच होता. मैदानावर दोन गोलरक्षक सोडून बाकी कोणालाच काही जमत नव्हते. पाचव्या पेनल्टीला लाकातुशने विचार करायचे टाळले असावे. त्याने चेंडू जीव खाऊन उंच हाणला, तो क्रॉसबारच्या खालच्या कडेला आदळून आत गेला. त्या रात्रीचा पहिला गोल दोन तासांनंतर असा झाला.

पुढचा पिची आलोन्सो, उपांत्य फेरीतला तीन गोलांचा धनी, जादा वेळेच्या अखेरीस मैदानात आलेला. गोलरक्षक दोनदा उजवीकडे गेला आहे हे त्याने पाहिले होते. आता तो दिशा बदलेल, निदान बदलावी असे त्याला वाटेल, म्हणून आपण पुन्हा तिकडेच मारावी, असा हिशेब आलोन्सोने केला असेल, आणि आलोन्सो असा हिशेब करील असा हिशेब डुकाडामने केला असेल. काही असो, तिसऱ्यांदा उजवीकडेच सूर, तिसऱ्यांदा चेंडू तिथेच. बालिंटने स्तेआवाचा दुसरा गोल केला. आता मार्कोस चुकला तर संपले. तीन वेळा एका बाजूला गेलेला गोलरक्षक समोर असताना मारणाऱ्याने बाजू बदलायला हवी, आणि मार्कोसने ती बदलली. डुकाडामनेही बदलली. तो डावीकडे झेपावला, चेंडू अडवला आणि उठून दोन्ही हात वर करून धावत सुटला. सत्तावीस वर्षांचा, दाट मिशीचा, सरहद्दीजवळच्या सेमलाक नावाच्या खेड्यातून आलेला माणूस. टायब्रेकरवर २-०. गावच्या स्पर्धेतही गोलकीपरने एक पेनल्टी अडवली तरी त्याला खांद्यावर घेतात, दोन अडवल्या तर त्याचे नाव पुढच्या मोसमापर्यंत निघते. युरोपातल्या सर्वांत मोठ्या सामन्यात ओळीने चार, समोर शत्रूचे ७० हजार लोक. हा प्रकार मी पुन्हा पुन्हा मागे नेऊन पाहिला आहे आणि प्रत्येक वेळी माझी नजर पडते ती त्याच्या पायांवर. चेंडू मारला जाईपर्यंत तो जवळजवळ हलत नाही. हुलकावणी नाही, नाचणे नाही. तो थांबतो, आणि थांबणे हेच सर्वांत अवघड असते असे त्या चहावाल्या गाड्यावरच्या काकांनीही मला पूर्वी एकदा सांगितले होते.

उरुतीविषयी दोन शब्द लिहिल्याशिवाय पुढे जावेसे वाटत नाही. त्याने चारपैकी दोन अडवल्या. कोणत्याही दुसऱ्या रात्री एवढ्यावर चषक घरी आला असता आणि त्याचा पुतळा उभा राहिला असता. वर्षभरापूर्वीच वायादोलिदला शेवटच्या क्षणी पेनल्टी अडवून त्याने बार्सिलोनाला लीगचे विजेतेपद मिळवून दिले होते. २००१ मध्ये मोटार अपघातात तो गेला. आलेक्सान्कोचे नशीब मात्र थोडे उशिरा उघडले. १९९२ मध्ये वेम्बलीवर कोमानच्या गोलाने बार्सिलोनाने पहिला युरोपियन कप जिंकला, तेव्हा शेवटच्या काही मिनिटांसाठी मैदानात उतरलेला आणि कर्णधार म्हणून चषक उचलणारा तोच होता. सेव्हियात बार्सिलोनाची पहिली पेनल्टी घालवणाऱ्याच्या हाती पहिला चषक यावा, हे कोणी कथेत लिहिले असते तर आपण त्याला भाबडे म्हटले असते.

त्या रात्री रुमानियात लोक रस्त्यावर आले. हे वाक्य आज साधे वाटते, मात्र १९८६ च्या रुमानियात लोकांनी आपण होऊन रस्त्यावर येणे ही साधी गोष्ट नव्हती. परदेशी कर्ज फेडण्याच्या हट्टापायी हुकूमशहा चाउशेस्कूने देशातले धान्य आणि मांस बाहेर विकायला काढले होते. घरात अन्नाला रेशन, दिव्याला रेशन, हिवाळ्यात ऊब नावापुरती. दूरचित्रवाणी आठवड्याच्या दिवशी दोन तास, आणि त्यातला मोठा भाग चाउशेस्कू पतिपत्नीच्या गुणगानाचा. सीमेजवळचे लोक छपरावर अँटेना वळवून शेजारच्या देशांची प्रक्षेपणे पाहत. सामन्याच्या ११ दिवस आधी चेर्नोबिलची अणुभट्टी फुटली होती आणि तिचा ढग रुमानियावरूनही गेला होता. अशा देशात एके रात्री काही तरी खरोखर चांगले घडले, आणि ते सगळ्यांनी एकाच वेळी आपल्या डोळ्यांनी पाहिले. विमानतळावर हजारो लोक संघाला घ्यायला गेले. त्या गर्दीला कोणी बोलावले नव्हते, घोषणा कोणी लिहून दिल्या नव्हत्या.

तरीही माझ्या मनात या संघाविषयी निखळ कौतुक कधी टिकत नाही. स्तेआवा हा गरिबांचा संघ नव्हता. तो सैन्याचा होता, आणि सैन्याचा क्लब असणे म्हणजे देशातला हवा तो तरुण खेळाडू लष्करी सेवेच्या नावाखाली आपल्याकडे ओढता येणे. हुकूमशहाचा थोरला मुलगा व्हॅलेंटिन, पेशाने भौतिकशास्त्रज्ञ, या क्लबाचा अनधिकृत आश्रयदाता होता. १९८८ च्या रुमानियन कपच्या अंतिम सामन्यात बुखारेस्टच्याच डिनामोविरुद्ध १-१ अशी स्थिती असताना स्तेआवाचा शेवटच्या क्षणीचा गोल ऑफसाइड म्हणून नाकारला गेला, तेव्हा संघ मैदान सोडून निघून गेला, आणि चषक तरीही स्तेआवालाच देण्यात आला. राजवट कोसळल्यावर क्लबाने तो चषक नाकारला, एवढे मात्र नोंदवले पाहिजे. १९८६ ते १९८९ या काळात देशांतर्गत लीगमध्ये १०४ सामने ते हरले नाहीत. या आकड्यात खेळ किती आणि दरारा किती याची वाटणी कोणी करून देऊ शकत नाही. सेव्हियात मात्र फ्रेंच पंच होता, स्पॅनिश प्रेक्षक होते आणि व्हॅलेंटिनचा कोणावर काही जोर चालणार नव्हता. म्हणूनच कदाचित रुमानियातल्या स्तेआवाच्या वैऱ्यांनाही तो चषक आपला वाटला असावा.

आणि त्यानंतर डुकाडाम दिसेनासा झाला.

त्या उन्हाळ्यात त्याच्या उजव्या हाताच्या रक्तवाहिनीत गुठळी झाली. शस्त्रक्रिया झाली, हात वाचला, कारकीर्द मात्र तिथेच अडकली. डिसेंबरमध्ये टोकियोला इंटरकॉन्टिनेन्टल कपमध्ये अर्जेंटिनाच्या रिव्हर प्लेटकडून स्तेआवा १-० ने हरली, तेव्हा गोलपोस्टखाली दुसराच कोणी उभा होता. आता बुखारेस्टच्या एखाद्या रहिवाशाच्या जागी स्वतःला ठेवून पाहावे. काल-परवा ज्याने चार पेनल्ट्या अडवल्या तो माणूस संघात नाही. वृत्तपत्रात जे छापून येते त्यावर तुमचा विश्वास नाही, कारण त्याच वृत्तपत्रात भरघोस पीक आल्याचे छापलेले असते आणि तुम्ही ते रांगेत उभे राहून वाचत असता. मग शेजारी हळूच सांगतो, की बार्सिलोनाची जिरवली म्हणून खूश होऊन रेआल माद्रिदच्या अध्यक्षाने त्याला मर्सिडीज भेट दिली होती, ती चाउशेस्कूच्या मुलाच्या डोळ्यात भरली, याने द्यायला नकार दिला, आणि मग माणसे पाठवून त्याचा हात मोडण्यात आला. कोणी व्हॅलेंटिनचे नाव घेई, कोणी धाकट्या निकूचे. या गोष्टीचा प्रत्येक सुटा भाग शक्य कोटीतला आहे. माद्रिदवाल्यांना बार्सिलोनाच्या पराभवाचा आनंद होणार, हे खरेच. मुलाचा क्लबात हात होता, हेही खरे. माणसांचे हात मोडणारी गुप्त पोलिसांची यंत्रणा त्या देशात होती, हे तर प्रत्येकाला ठाऊक होते. खोटी होती ती फक्त गोष्ट. तिच्यापुढे सत्तावीस वर्षांच्या धडधाकट खेळाडूच्या हातात आपोआप गुठळी होणे हेच उलट बनावट वाटणारे. आपल्याकडे आणीबाणीच्या वेळी आकाशवाणीवर सगळे सुरळीत आहे असे ऐकले, की लोक उठून बीबीसी लावत, असे वडीलधारे सांगतात. सरकार सतत खोटे बोलू लागले की लोकांची कान टवकारण्याची दिशाच बदलते, आणि मग एखादे दिवशी सरकारी डॉक्टर खरे बोलला तरी ते ऐकू येत नाही.

म्हणून मला त्या काकांचा राग येत नाही, आणि बुखारेस्टच्या त्या शेजाऱ्याचाही येत नाही. त्याने अफवा पसरवली ती आपल्या राज्यकर्त्यांविषयी त्याला जे पक्के ठाऊक होते ते सांगण्यासाठी, आणि त्या अर्थाने तो काही चुकीचे सांगत नव्हता. राग येतो तो पुढच्या काळाचा. १९८९ मध्ये राजवट गेली, चाउशेस्कू पतिपत्नी गोळीबाराने संपले, व्हॅलेंटिनविषयी तर अनेक खेळाडूंनी नंतर चांगलेच उद्गार काढले, आणि तरी परदेशी पत्रकार येत राहिले, त्यांना मर्सिडीजचीच गोष्ट हवी असे. डुकाडाम ती नाकारत राहिला. आयुष्यभर. ज्या माणसाचे नाव चार अचूक निर्णयांमुळे झाले त्याला पुढची तीस-पस्तीस वर्षे आपल्याला कोणी मारले नव्हते हे पटवून देण्यात घालवावी लागली. अफवेतला डुकाडाम बळी आहे, आणि बळीचे एक असते, की त्याने पुढे काय केले हे कोणी विचारत नाही.

त्याने पुढे पुष्कळ काही केले. सीमा पोलिसांत नोकरी केली. ग्रीन कार्डची सोडत लागली म्हणून काही काळ अमेरिकेत राहून आला आणि परतला. जुन्या क्लबाचा चेहरा म्हणून समारंभांत वावरला. तोवर क्लबाचेच दोन तुकडे होण्याची वेळ आली होती. सैन्याने नावासाठी खटला भरला, तो जिंकला, २०१७ मध्ये व्यावसायिक संघाला एफसीएसबी असे आद्याक्षरांचे नाव घ्यावे लागले, सैन्याने स्तेआवा नावाचा आपला वेगळा संघ खालच्या श्रेणीतून सुरू केला, आणि १९८६ चा चषक नेमका कोणाचा यावर दोघेही अजून भांडत आहेत. चषक ज्याने अडवून आणला तो एफसीएसबीच्या बाजूला उभा होता, म्हणून काही स्तेआवावाल्यांनी त्यालाही सोडले नाही. त्याच संघातला बेलोदेदिच १९८८ च्या अखेरीस युगोस्लाव्हियात पळून गेला होता आणि १९९१ मध्ये तिथल्या रेड स्टारकडून, पुन्हा टायब्रेकरवरच, युरोपियन कप जिंकला. दोन वेगवेगळ्या क्लबांकडून अंतिम सामन्यात खेळून तो जिंकणारा पहिला खेळाडू. त्याच्याविषयी मी कोल्हापुरात कोणाच्या तोंडून काही ऐकलेले नाही, बहुधा त्याच्या गोष्टीत गाडी नाही म्हणून.

डुकाडामच्या या सगळ्या आयुष्यात मला सर्वांत जास्त रस आहे तो १९८९ ते १९९१ या दोन मोसमांत. शस्त्रक्रियेनंतर तीन वर्षांनी तो पुन्हा गोलपोस्टखाली उभा राहिला, व्हॅगोनुल आरादकडून. नावावरूनच कळते, रेल्वेचे डबे बनवणाऱ्या कारखान्याचा संघ. खालच्या श्रेणीत खेळणारा, आणि आराद म्हणजे जिथून त्याने सुरुवात केली होती तेच शहर. प्रेक्षक कमी, मैदान कसेही, आणि समोरून येणारा प्रत्येक आघाडीपटू जाणून होता की हा सेव्हियाचा माणूस आहे आणि याचा उजवा हात पूर्वीसारखा राहिलेला नाही. म्हणजे पेनल्टी मिळाली तर कोणत्या बाजूला मारायची, याचा त्यांना फार विचार करावा लागत नसणार. तो तरीही दोन मोसम खेळला. पुढच्या वेळी काकांची गाठ पडली की रक्ताच्या गुठळीविषयी मी काही बोलणार नाही. गोलकीपर होते ते, त्यांना आरादविषयी विचारीन.